एकवीस हजारांचा उंबरठा आणि सात हजारांचे माप

दिवाळीच्या आगेमागे बोनसबद्दल आलेल्या पत्रांत एक गोंधळ पुन्हा पुन्हा दिसतो. कायद्यात दोन आकडे आहेत आणि दोघांची कामे वेगळी आहेत. २१,००० रुपये हा उंबरठा आहे, बोनस मिळणार की नाही ते तिथे ठरते. ७,००० रुपये हे माप आहे, किती मिळणार ते त्याने मोजतात. हे दोन्ही १९६५ च्या बोनस प्रदान कायद्यातले आकडे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून या कायद्याची जागा वेतन संहितेने घेतली आहे. मात्र २०२४-२५ आणि त्याआधीच्या वर्षांचा हिशोब जुन्या कायद्यानेच होतो. आलेली पत्रे त्याच वर्षांची आहेत, म्हणून आधी तो कायदा. संहितेने काय बदलले ते जिथल्या तिथे दिले आहे.

माझा एकूण पगार ३१,५०० आहे. मूळ पगार १४,६००, महागाई भत्ता ३,२००, बाकी घरभाडे, प्रवास आणि धुलाई भत्ता. एचआर म्हणते, ‘तुम्ही २१ हजारांच्या वर आहात, ईएसआयसीतूनही बाहेर आहात, बोनस बसत नाही.’ हे बरोबर आहे का?
– साकीनाका

साफ चूक आहे. बोनसच्या कायद्यात ‘वेतन’ म्हणजे मूळ पगार अधिक महागाई भत्ता. घरभाडे, प्रवास, धुलाई यांसारखे इतर भत्ते, ओव्हरटाइम, कमिशन, हजेरी किंवा उत्पादनावरचा इन्सेंटिव्ह, मालकाने भरलेला भविष्यनिर्वाह निधी, यातले काहीही त्यात धरत नाहीत. तुमचे वेतन १४,६०० अधिक ३,२००, म्हणजे १७,८००. तुम्ही उंबरठ्याच्या आत आहात आणि बोनस हा तुमचा हक्क आहे.

एचआरची गफलत कुठे होते तेही सांगतो, कारण ती शेकडो ठिकाणी होते. ईएसआयसीची, म्हणजे कामगार राज्य विमा योजनेची, मर्यादाही १ जानेवारी २०१७ पासून २१,००० च आहे. आकडा तोच, पण २०२४-२५ पर्यंतच्या हिशोबात तिथे घरभाड्यासह बरेचसे भत्ते मोजले जात. म्हणून एखादा माणूस ईएसआयसीतून बाहेर आणि बोनसला पात्र, असे सहज होते. पगाराच्या सॉफ्टवेअरमध्ये दोन्हींसाठी एकच रकाना वापरला की पात्र माणसे यादीतून गळतात, आणि वर्षानुवर्षे कोणी विचारत नाही.

स्लिपवर ‘विशेष भत्ता’ असेल तर मात्र थांबून पाहा. या एका नावाखाली दोन वेगळ्या गोष्टी चालतात. महाराष्ट्रात किमान वेतनाबरोबर सरकार जो विशेष भत्ता जाहीर करते, तो ग्राहक किंमत निर्देशांकाला बांधलेला असतो. तो महागाई भत्ताच आहे आणि वेतनात धरायचा. कंपन्यांच्या पगारपत्रकात ‘स्पेशल अलाउन्स’ म्हणून जी उरलेली रक्कम टाकतात तिचा महागाईशी संबंध नसतो. ती इतर भत्त्यांत जाते. भविष्यनिर्वाह निधीसाठी अशा भत्त्यांचे काय करायचे यावर सर्वोच्च न्यायालयाचा फेब्रुवारी २०१९ चा निकाल आहे. तो निधीच्या कायद्यातल्या व्याख्येवर आहे, तो उचलून बोनसला लावू नये.

वेतन संहितेत व्याख्या बदलली आहे. वगळलेले भत्ते एकूण मोबदल्याच्या निम्म्याहून जास्त झाले, तर वरचा भाग वेतनात मिळवायचा. तुमचे वगळलेले भत्ते १३,७०० आहेत आणि निम्मे होते १५,७५०, त्यामुळे तुमच्या हिशोबात फरक पडत नाही. पण ज्याचा एकूण पगार ४५,००० आणि मूळ पगार १५,००० आहे, त्याचे वेतन संहितेप्रमाणे २२,५०० धरले जाऊ शकते. अशांनी आपली स्लिप आत्ताच तपासावी.

ऑक्टोबरमध्ये ५०० रुपयांची वाढ झाली आणि माझा मूळ पगार व महागाई भत्ता २०,८०० वरून २१,३०० झाला. शेजारच्या मशीनवरच्या सहकाऱ्याचा २०,९०० आहे. काम एक, पाळी एक. त्याला बोनस मिळणार आणि मला नाही. राज्यघटनेच्या कलम १४ प्रमाणे हा भेदभाव नाही का?
– कांजूरमार्ग

आधी हातातली गोष्ट. तुमचा पूर्ण वर्षाचा बोनस जात नाही. एप्रिल ते सप्टेंबर तुम्ही २१,००० च्या आत होतात. त्या सहा महिन्यांच्या वेतनावर बोनस द्यायचा, हीच रुळलेली पद्धत आहे. वर्षात किमान ३० दिवस काम झालेले असले की पुरे. ‘३१ मार्चला तुम्ही पात्र नव्हता, म्हणून काहीच नाही’ असे कोणी म्हटले तर लेखी मागा.

आता कलम १४. कायद्यापुढे समानता म्हणजे सगळ्यांना एकच माप असे नाही. वर्ग पाडता येतात, पण दोन गोष्टी लागतात. वर्ग स्पष्ट ओळखता आला पाहिजे, आणि तो पाडण्यामागचे कारण कायद्याच्या हेतूशी जुळले पाहिजे. कमी पगाराच्या माणसाला नफ्यात वाटा मिळावा हा हेतू असेल तर पगारावर रेषा ओढणे या कसोटीला उतरते. रेषा कुठेही ओढली तरी तिच्या अलीकडे-पलीकडे शंभर-दोनशे रुपयांचा फरक असलेली माणसे राहणारच. तेवढ्या कारणावरून न्यायालये रेषा पुसत नाहीत.

या कायद्याची समानतेच्या मुद्द्यावर कसोटी लागलेली आहे. १९६६ च्या जालन ट्रेडिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठापुढे मालकांनी कलम १४ चाच आधार घेतला. तोटा झाला तरी किमान बोनस द्यायचा हे कलम १० बहुमताने टिकले. मागच्या एका वर्षी जास्त बोनस देणाऱ्या मालकाला तेच प्रमाण पुढे चालवायला लावणारे कलम ३४ (२) मात्र रद्द झाले. म्हणजे समानतेचा युक्तिवाद इथे पोकळ नाही. तो कशावर रोखायचा, हा प्रश्न आहे.

आमच्या मते तो रेषा असण्यावर रोखून उपयोग नाही. रेषा गोठून राहिली आहे, त्यावर रोखला पाहिजे. १९६५ मध्ये उंबरठा १,६०० रुपये होता आणि माप ७५० चे. १९८५ मध्ये ते २,५०० आणि १,६०० झाले, १९९५ च्या दुरुस्तीने ३,५०० आणि २,५००. १ एप्रिल २००६ पासून १०,००० आणि ३,५००. २०१५ च्या दुरुस्तीने १ एप्रिल २०१४ पासून २१,००० आणि ७,०००. त्याच दुरुस्तीने माप किमान वेतनाला जोडले, त्यामुळे ते महागाईबरोबर वर सरकते. उंबरठा मात्र कशालाच जोडला नाही. दिल्लीत १ ऑक्टोबर २०२४ पासून कुशल कामगाराचे किमान वेतनच महिना २१,९१७ रुपये झाले. किमान वेतनावर काम करणारा माणूस ‘जास्त पगारवाला’ ठरून बोनसच्या कायद्याबाहेर गेला. कमी पगारवाल्यांसाठी ओढलेली रेषा किमान वेतनाच्याच खाली आली, तर वर्ग आणि हेतू यांचा सांधा निखळतो. युनियनने मांडायचा मुद्दा हाच आहे. ५०० रुपयांच्या फरकाची तक्रार न्यायालयात चालणार नाही. गोठलेल्या रेषेचा मुद्दा मात्र तिथेही मांडता येतो आणि सरकारपुढेही.

खासगी कंपनीविरुद्ध थेट कलम १४ लावता येत नाही, ते सरकारला बांधते. पण कंपनीला मोकळे रान आहे असा याचा अर्थ नाही. रेषा कायद्याने रुपयांत ओढली आहे. तिच्या आत मालकाला स्वतःची दुसरी रेषा ओढता येत नाही. प्रोबेशनवरचे, हंगामी, अर्धवेळ, सुपरवायझर, कारकून, सगळे व्याख्येत येतात. शिकाऊ उमेदवार तेवढे वगळले आहेत. स्त्री-पुरुष असा फरक तर मुळीच चालत नाही. एका गटाला १२ टक्के आणि त्याच कामाच्या दुसऱ्या गटाला, युनियनचे सभासद आहेत म्हणून, कायद्यातले किमान ८.३३ टक्के असे झाले, तर महाराष्ट्राच्या १९७१ च्या कामगार संघटना मान्यता व अनुचित प्रथा प्रतिबंध कायद्याकडे वळा. त्याच्या चौथ्या अनुसूचीत पक्षपात ही अनुचित प्रथा म्हणून नोंदलेली आहे. तक्रार ९० दिवसांत करावी लागते. हे दिवस फार लवकर संपतात.

कंपनीने उंबरठ्याच्या पलीकडच्या लोकांनाही स्वखुशीने बोनस द्यायला कायद्याची आडकाठी नाही. पुष्कळ कंपन्या तो ‘सानुग्रह’ म्हणून देतात. तुमच्या सहकाऱ्यासारख्यांना याहून सोपी वाट आहे. पुढच्या वाढीच्या वेळी, जे अजून उंबरठ्याच्या आत आहेत त्यांनी वाढ घरभाडे भत्त्यात मागावी. ५०० रुपये मूळ पगाराऐवजी भत्त्यात गेले तर, निधी पूर्ण मूळ पगारावर कापला जात असेल तिथे, मालकाचा वाटा महिना ६० रुपयांनी, म्हणजे वर्षाला ७२० रुपयांनी घटतो. ग्रॅच्युइटी दर वर्षामागे सुमारे २८८ रुपयांनी घटते. एकूण हजार रुपये. त्या बदल्यात बोनस वाचतो. तो किती, ते पुढच्या उत्तरात आहे.

आमच्या दुकानात सगळ्यांना सरसकट ६,९९७ रुपये बोनस देतात. दर महिन्याच्या स्लिपवर ५८३ रुपये ‘ॲडव्हान्स बोनस’ दिसतो आणि दिवाळीला काहीच मिळत नाही. कायद्यात बसते का?
– मालाड

महिन्याला हप्त्याने देणे बसते. आगाऊ दिलेली रक्कम वर्षाच्या बोनसमधून वळती करून घ्यायची मुभा कलम १७ देते. रक्कम मात्र बहुधा चुकीची आहे.

५८३ म्हणजे ७,००० चे ८.३३ टक्के. ८४,००० वर ८.३३ टक्के काढले की ६,९९७ येतात. पण २०१५ नंतर कायदा म्हणतो, ७,००० किंवा त्या उद्योगासाठी सरकारने ठरवलेले किमान वेतन, यांतले जे जास्त असेल ते माप. मुंबईतल्या दुकाने व व्यापारी आस्थापनांत अकुशल कामगाराचे किमान वेतनही ७,००० च्या वर आहे. म्हणजे ७,००० चे माप या शहरात जवळजवळ कुठेच लागू नसावे, तरी ते सर्रास चालते. जुन्या एक्सेल शीटमध्ये २०१५ साली टाकलेला आकडा कोणी बदललेला नसतो.

समजा तुमच्या श्रेणीचे किमान वेतन, मूळ दर आणि विशेष भत्ता मिळून, १३,००० आहे आणि तुमचे वेतन त्याहून जास्त आहे. मग वर्षाचा आधार १,५६,००० रुपये. ८.३३ टक्क्यांनी १२,९९४ रुपये ८० पैसे. २० टक्के ही कमाल, ती ३१,२००. मिळतात ६,९९७, म्हणजे वर्षाला जवळजवळ ६,००० रुपये कमी. तीन-चार वर्षांची थकबाकी मोजून पाहा.

हिशोबात एक खाच आहे. विशेष भत्ता साधारण दर सहा महिन्यांनी, जानेवारी आणि जुलैत बदलतो. एप्रिल ते मार्च या वर्षात तीन वेगवेगळे दर येऊ शकतात. एप्रिल-जूनचे तीन महिने, जुलै-डिसेंबरचे सहा आणि जानेवारी-मार्चचे तीन, असे वेगळे मोजून बेरीज करा. परिमंडळही, म्हणजे किमान वेतनाच्या दरासाठी पाडलेला विभागही, पाहा. बृहन्मुंबई सर्वांत वरच्या परिमंडळात आहे, आणि मुख्य कार्यालय दुसऱ्या जिल्ह्यात असलेल्या कंपन्या कधी कधी तिथला खालचा दर लावतात. प्रत्यक्ष वेतन मापापेक्षा कमी असेल तर प्रत्यक्ष वेतनावर बोनस. पण ते किमान वेतनापेक्षा कमी असेल तर तक्रार आधी त्याची करायची.

‘आमच्याकडे वीस माणसे नाहीत’ हे दुकानदारांचे दुसरे उत्तर. कारखाना सोडून इतर आस्थापनांना कायदा २० माणसांपासून लागतो, आणि राज्य सरकार अधिसूचनेने ही संख्या १० पर्यंत खाली आणू शकते. वर्षात एका दिवशी जरी वीस भरली तरी तो लागतो, आणि नंतर माणसे घटली तरी सुटत नाही. दादर, बोरिवली आणि मालाडची दुकाने एकाच मालकाची असतील तर ती एकच आस्थापना. स्वतंत्र ताळेबंद आणि नफातोटा पत्रक असेल तरच शाखा वेगळी मानता येते.

मी कंत्राटदाराकडून हाऊसकीपिंगला आहे. कंपनीच्या कायम कामगारांना २० टक्के बोनस, आम्हाला काहीच नाही. कंत्राटदार म्हणतो, इथे तुम्ही आठच जण आहात.
– लोअर परळ

कंत्राटदाराची माणसे त्याच्या सगळ्या साइट मिळून मोजायची, तुमच्या मजल्यावरची आठ नव्हे. ती वीस भरली की किमान ८.३३ टक्के त्याला द्यावेच लागतात. कायम कामगारांचे २० टक्के मात्र तुम्हाला आपोआप मिळत नाहीत, कारण ते त्या कंपनीच्या नफ्यातून किंवा करारातून आलेले असतात आणि कायद्याने तुमचा मालक कंत्राटदार आहे. हे आम्हाला न्याय्य वाटत नाही, पण कायदा आज असा आहे.

खरा पैसा कुठे अडतो ते पाहा. मोठ्या कंपन्यांच्या कंत्राटात प्रति माणूस दराची फोड असते आणि त्यात बोनसचे ८.३३ टक्के धरलेले असतात. कंपनी ते दर महिन्याच्या बिलात कंत्राटदाराला देते आणि ते त्याच्या खिशात राहतात. कंपनीच्या प्रशासन विभागाला लेखी विचारा: आमच्या बिलात बोनसची रक्कम आहे का, ती वाटल्याचा पुरावा घेतला का? सरकारी बँक किंवा सार्वजनिक उपक्रम असेल तर माहिती अधिकारात कंत्राटाची दरफोड मागता येते. वेतन संहितेने यात एक चांगली गोष्ट केली आहे. कंत्राटदाराने पैसे दिले नाहीत तर ज्या आस्थापनेत काम झाले तिच्या मालकावर जबाबदारी येते.

दरवर्षी मार्चमध्ये काढून एप्रिलमध्ये नव्याने घेतले तरी बोनस बुडत नाही. वर्षात ३० दिवस भरले की त्या दिवसांच्या वेतनावर तो लागू होतो. नोकरी सोडून गेलेल्यांनाही तो मिळतो, पण मागायला कोणी येत नाही म्हणून कोणी देत नाही.

सहा महिने बाळंतपणाची रजा होती. बोनस निम्मा झाला. योग्य आहे?
– भांडुप

रजेचा पगार मालकाने दिला असेल तर अयोग्य. पगारासह बाळंतपणाची रजा, पगारी रजा, कामावर झालेल्या अपघातामुळे आलेली तात्पुरती असमर्थता आणि कराराने दिलेला ले-ऑफ, हे दिवस कामाचेच मानायचे असे कलम १४ सांगते. (हे बोनस कायद्याचे कलम १४, राज्यघटनेचे नव्हे.) रजेतले पैसे ईएसआयसीने दिले असतील तर मालक ‘पगारासह’ या शब्दावर बोट ठेवतात. त्यासाठी करारातच एक ओळ घालून घ्यावी: ईएसआयसीच्या बाळंतपण लाभाचे दिवस बोनससाठी पूर्ण वेतनाचे धरले जातील. बाळंतपणामुळे बाईचा बोनस कापला जाणे ही उघड असमानता आहे आणि युनियनने ती मागण्यांच्या यादीत वर ठेवावी.

कंपनी तोट्यात आहे म्हणून बोनस नाही, असे सांगितले.
– शिवडी

किमान ८.३३ टक्के तोट्यातही द्यावे लागतात. अपवाद नव्या आस्थापनेचा. तिने माल विकायला किंवा सेवा द्यायला सुरुवात केल्यानंतरच्या पहिल्या पाच हिशोबी वर्षांत फक्त नफ्याच्या वर्षी बोनस. जुन्या कंपनीचे नाव किंवा जागा बदलली म्हणजे ती नवी होत नाही.

महापालिकेत आणि रेल्वेत असलेल्यांना हा कायदा आहे का?
– परळ

नाही. कलम ३२ ने सरकारी खाती, महापालिका, रिझर्व्ह बँक, आयुर्विमा महामंडळ, शिक्षणसंस्था आणि नफ्यासाठी न चालणारी रुग्णालये वगळली आहेत. मुंबई महापालिका दिवाळीला देते ते सानुग्रह अनुदान, त्याची रक्कम दरवर्षी वाटाघाटीने ठरते. रेल्वेचा उत्पादकतेशी निगडित बोनस ७८ दिवसांचा असला तरी महिना ७,००० च्या मापानेच मोजतात, म्हणून तो १७,९५१ रुपयांवर थांबतो.

बोनस कमी मिळाला तर कुठे आणि कसे जायचे?
– चेंबूर

मुदत आधी लक्षात ठेवा. हिशोबी वर्ष संपल्यापासून आठ महिन्यांत बोनस द्यायचा असतो. मार्चअखेर वर्ष असेल तर ३० नोव्हेंबर. दिवाळीपूर्वी देणे ही रीत आहे, कायद्याची तारीख ती नव्हे. म्हणून १ डिसेंबरपासून तक्रार पक्की होते.

बारा महिन्यांच्या स्लिपा, बँकेचे उतारे, नेमणूकपत्र आणि हजेरीचा काही पुरावा गोळा करा. किमान वेतनाचे त्या वर्षाचे दर काढून महिन्यावार तक्ता बनवा: वेतन, माप, ८.३३ टक्के, मिळालेले, बाकी. तो जोडून मालकाला पत्र द्या, पोच घ्या आणि बोनस नोंदवहीतला, म्हणजे ‘क’ नमुन्यातला, आपला उतारा मागा. त्यात कामाचे दिवस, एकूण वेतन, कापलेल्या रकमा आणि दिलेली रक्कम असते. ‘चर्चा करू’ या तोंडी उत्तरावर महिने घालवू नका.

मग वांद्रे-कुर्ला संकुलातले कामगार भवन. तिथे कामगार आयुक्तांच्या कार्यालयात अर्ज द्या, जमल्यास गटाने किंवा युनियनमार्फत. रक्कम तडजोडीने, निवाड्याने किंवा कराराने ठरलेली असेल तर जुन्या कायद्याच्या कलम २१ खाली वसुलीचा अर्ज होतो. प्रमाणपत्र निघाले की जिल्हाधिकारी ती जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करतात. त्याला एका वर्षाची मुदत आहे. मुळात टक्का किती किंवा पात्र आहात की नाही हाच वाद असेल तर तो औद्योगिक विवाद होतो आणि वेळ जास्त लागतो. म्हणून तक्ता बनवताना निर्विवाद ८.३३ टक्क्यांची थकबाकी वेगळी काढून तिचा अर्ज आधी करा, वरच्या टक्क्यांचा वाद मागून चालू द्या.

वेतन संहितेखालच्या दाव्यांना तीन वर्षांची मुदत आहे. बोनस दिल्याचे सिद्ध करण्याचा भार मालकावर आहे, आणि प्राधिकरण थकबाकीच्या दहापटीपर्यंत भरपाई लावू शकते. संहितेच्या मजकुरात २१,००० किंवा ७,००० असा आकडा नाही. दोन्ही मर्यादा सरकारने अधिसूचनेने ठरवायच्या आहेत. २०२५-२६ चा बोनस मोजायला बसाल तेव्हा त्या वर्षाला लागू असलेली अधिसूचना समोर ठेवा, आणि एचआरने तोंडी आकडा सांगितला तर तो कोणत्या तारखेच्या अधिसूचनेतला आहे ते विचारा.